जोत्यावरची गोष्ट

नवी खरातवाडी, ता. इंदापूर
१९ फेब्रुवारी

चि. सौरभ,

'चि.' सवयीनं लिहिलं. खोडत नाही.

फोन केला की तू मीटिंगमध्ये असतोस. मेसेज केला की अंगठा येतो. पत्राला अंगठा दाखवता येत नाही, म्हणून पत्र.

इंदापूरच्या स्टँडसमोर आईचा फ्लेक्स लागला आहे. काल पंचायत समितीत काम होतं, एसटीतून उतरले तर समोर आई. दुमजली दुकानापेक्षा उंच. पदर वाऱ्यानं उडालेला, मागं धरणाचं पाणी, पाण्यात महादेवाच्या देवळाचं शिखर. खाली लिहिलंय, 'तिचं घर पाण्याखाली आहे. ती तुमची वाट पाहते आहे.' एका कोपऱ्यात सरकारचं चिन्ह, दुसऱ्या कोपऱ्यात तुझ्या कंपनीचं. दोन्ही सारख्याच आकाराची.

आईचं घर पाण्याखाली नाही. ते पुनर्वसनाच्या प्लॉटवर, टाकीच्या मागं आहे आणि तू त्यातच वाढलास. पाण्याखाली आहे ते तिच्या सासऱ्याचं. लग्न होऊन आल्यावर ती तिथं दोन उन्हाळे राहिली. मग धरण भरलं.

चहावाल्यानं मला ओळखलं. "सरपंचबाई, मातोश्री ना तुमच्या? लई भारी दिसत्यात." मी हो म्हणाले. मला बरं वाटलं, हेही लिहिते.

विजयसिंहांचा फोन आला होता. वर्षभरानं. "सासूबाई फेमस झाल्या की." एवढंच बोलून ठेवला. म्हणजे वालचंदनगरलाही फ्लेक्स लागला असावा. नवऱ्याचं घर सोडून आलेल्या बाईला नवऱ्याचा फोन येण्यासाठी आईचा फ्लेक्स लागावा लागतो. गावात यावर हसतील म्हणून कुणाला सांगितलं नाही.

गेल्या वर्षी ग्रामसभेत तू काय बोललास ते मला पाठ आहे. सरकार रस्ता देईल, बोटींसाठी धक्का बांधेल, संडास बांधेल. कंपनी तंबू लावेल, बोटी आणेल, पुण्यामुंबईची माणसं आणेल. गावानं फक्त ना हरकत द्यायची. दादासोनं उठून विचारलं होतं, "आन् गावाचं काय जाणार?" तू म्हणालास, "काहीच नाही. जे पाण्यात गेलंय तेच दाखवायचंय." मला ते वाक्य आवडलं. मी बारामतीला तासिका तत्त्वावर मराठी शिकवत होते. वाक्य आवडलं की माझी शंका संपते. ठराव मीच मांडला.

रस्ता झाला. त्याबद्दल खोटं बोलणार नाही. आता दवाखान्याची गाडी थेट दारात येते. संडासही झाले. किल्ली कंपनीकडे असते.

राजेश्वरी काल घरी आली होती. तुमची इथली मॅनेजर. मुलगी गोड बोलते, आईला 'आजी' म्हणते, मला 'मॅडम'. पहिला ठराव एका वर्षाचा होता, आता तीन वर्षांचा हवा आहे म्हणाली. एक मेच्या ग्रामसभेत विषय घ्या. घेईन. तिनं आणलेले पेढे आईनं एकटीनं खाल्ले.

ताई

१२ मार्च

सौरभ,

पाणी उतरलं. देवळाच्या पायऱ्या उघड्या पडल्या, आणि घरांची जोती दिसायला लागली. लांबून पाहिलं तर चिखलात कुणीतरी दगडांच्या चौकटी मांडून ठेवल्यासारख्या.

पंधरा दिवस झाले, रोज ऊन कललं की दादासो बोट घेऊन येतो आणि आईला घेऊन जातो. तो आता कंपनीचा बोटवाला आहे, खाकी टोपी घालतो. आई नऊवारी नेसून तयार असते. आई कधी नऊवारी नेसत नव्हती, आजी नेसायची. पहिले काही दिवस राजेश्वरी येऊन नेसवून जायची. पुण्याची मुलगी खरातवाडीच्या म्हातारीला नऊवारी नेसवते हे मी दारात उभी राहून पाहिलंय.

मग आई आपल्या जोत्यावर बसते. पाहुणे समोर, गाद्यांवर. सूर्य मावळेपर्यंत ती गोष्ट सांगते. मी अजून गेलेली नाही. सरपंचाला वेळ नसतो, असं मी सगळ्यांना सांगते.

पण गोष्ट गावात फिरून माझ्यापर्यंत आली. दादासोच्या बायकोनं पिठाच्या गिरणीत सांगितलं. मी घरी आले. आई मेथी निवडत होती.

"आई, तू तिथं भामाबाईच्या पोरीचं सांगतेस?"

"कुणी सांगितलं?"

"सगळ्या गिरणीला माहीत आहे."

"मी भामाचं नाव न्हाय घेत."

"नाव घेत नाहीस. तुझीच मुलगी म्हणून सांगतेस."

ती काड्या बाजूला काढत राहिली. मग म्हणाली, "आधी मी चुलीचं सांगायची, जात्याचं सांगायची. लोकं मोबाईल बघत बसायची. एक दिस त्वांडातनं निघून ग्येलं, पाण्यात पोरगी ग्येली म्हणून. एक बाई रडाया लागली. तिचं बघून दुसरी. मग ती राजेश्वरी म्हनली, आजी, हे रोज सांगा."

"आणि तू रोज सांगतेस."

"रोज निराळी लोकं असत्यात की."

तुला भामाबाई आठवत नसेल तर सांगते. चार घरं पलीकडे राहते, दादासोची आई. पाणी आलं त्या वर्षी तिची तीन वर्षांची मुलगी बुडाली. दादासो नंतरचा. हे गावात सगळ्यांना माहीत आहे आणि आजवर कुणी मोठ्यानं बोललेलं नाही. मी स्वतः ते नववीत असताना, कुणाच्या तरी लग्नात, भांडी घासणाऱ्या बायकांच्या तोंडून ऐकलं.

दुसऱ्या दिवशी तंबूंवर गेले. राजेश्वरी म्हणाली, "मॅडम, तो भाग सरांनी व्हिडिओ कॉलवर आजींकडून बसवून घेतलाय. आजी आधी मुलीचं नाव नकोशी सांगायच्या. सरांनी विचारलं, ही कुणाची, तर म्हणाल्या भामाबाईंची. सर म्हणाले, नकोशी ऐकलं की पाहुणे बिचकतात, त्यांना वाटतं घरच्यांनीच काही केलं. म्हणून छकुली."

भामाबाईच्या मुलीचं नाव नकोशी होतं. दोन मुलींच्या पाठीवर झालेली तिसरी. म्हणजे गोष्ट कुणाची आहे हे तू आईला विचारलंस, आईनं तुला सांगितलं, आणि मग तू नाव बदललंस.

तो भाग काढून टाक. दुसरं काही मागत नाही. चुलीचं सांगू दे, जात्याचं सांगू दे. थोडी माणसं मोबाईल बघतील.

ताई

३ एप्रिल

सौरभ,

तुझं उत्तर मिळालं. बेंगळुरूच्या कुणा बाईचा अभिप्राय आहे, पाच तारे, खाली लिहिलंय की छकुलीसाठी ती रात्रभर रडली. तू त्याखाली लिहिलंस, 'ताई, हे बघ.' बघितलं.

जोत्याचं जेवण झालं.

तू लहानपणी एकदा आईबरोबर गेला होतास, चिखलात चप्पल रुतली म्हणून रडत परत आलास. जुन्या गावात सून म्हणून आलेल्या बायका दरसाल गाळ वाळला की तिथं जातात. आपापलं जोतं झाडायचं, चूल होती तिथं तीन दगड मांडायचे, जे काय शिजवायचं ते शिजवायचं, आणि देवळाच्या पायरीवर बसून सगळ्यांनी एकत्र खायचं. पुरुष नाहीत, लेकी नाहीत. मला कधी नेलं नाही, मी तिथली सून नाही ना. जे गेलं, जे बुडालं त्याचं तिथं बोलायचं नसतं. कांद्याचं बोलतात, सुनांचं बोलतात, कुणाच्या गुडघ्यावर कसलं तेल लागू पडलं ते बोलतात. आता सात-आठच उरल्यात.

या वर्षी त्या आईला न सांगता गेल्या.

आईनं तंबूजवळून धूर बघितला. सकाळी तिला तिथं फोटो काढायला नेलं होतं, नऊवारी नेसवून, नाकात मोठी नथ घालून. धूर बघून ती तशीच निघाली. दादासो सांगत होता, "काकू चिखलातनं चालत ग्येल्या. मी बोट घ्या म्हनलं तर घेतली न्हाय." ती पायऱ्यांपाशी पोहोचली तेव्हा जेवणं चालू होती. कुणी जा म्हणालं नाही, कुणी बस म्हणालं नाही. एकीनं तेवढं म्हटलं, "प्रयागे, तुजी पाव्हणी खोळंबली असतील."

आई परत आली. मला यातलं तिनं काही सांगितलं नाही. मी विचारलं तर म्हणाली, "त्यांची भाकर बी करपली हुती."

मग मी भामाबाईकडे गेले. ती ओट्यावर वाळवणावरचे कावळे हाकत होती. मी सरपंच म्हणून बोलायचं ठरवून गेले होते आणि तोंडून निघालं, "मावशी, आईचं चुकलं."

ती म्हणाली, "बस."

बसले. ती म्हणाली, "लोकं रडत्यात म्हनं."

"हो."

"कशापायी?"

मी म्हणाले, सौरभला लिहिलंय, तो भाग बंद करायला सांगितलंय. ती म्हणाली, "बंद कराया कुठं चालू हाय? माजं काय चालू हाय तितं?" मग कावळा आला आणि ती उठली. जाताना दारातून म्हणाली, "दादाच्या नोकरीचं काय करू नगंस बाई तेवढं."

हे सगळं तुला का लिहिते? तू आलास तर चार दिवस तंबूत राहशील, बोटीतून फिरशील, अभिप्राय लिहिशील. हे तिथं दिसत नाही.

ताई

१८ एप्रिल

सौरभ,

मी एक चूक केली. तुला सांगायची इच्छा नाही, पण राजेश्वरीनं आधीच सांगितलं असेल, आणि तिच्या तोंडून ती चूक बरी दिसत असेल.

आधी इंदापूरला साहेबांना भेटले. पर्यटनाचे. ते दौऱ्यावर आले होते, राजेश्वरीही तिथं होती. मी तक्रार सांगितली. साहेब म्हणाले, "मॅडम, आमचं काम सुविधा देणं. गोष्ट काय सांगायची ते कंपनी बघते." मी राजेश्वरीकडे बघितलं. ती म्हणाली, "आम्ही काय सांगतो त्याला खात्याची मान्यता आहे, मॅडम." साहेबांनी मान हलवली. "मान्यता सर्वसाधारण असते. वाक्यावाक्याला नसते." मग दोघंही माझ्याकडे बघायला लागले. साहेब म्हणाले, "शेवटी गावाची गोष्ट आहे. गावानं ठराव दिलाय." असा तो फिरून माझ्याकडे आला.

तेव्हा मी म्हणाले, मग ज्या बाईची गोष्ट आहे तीच सांगेल.

साहेबांना ते फार आवडलं. "अस्सल होईल," म्हणाले. राजेश्वरीनं वहीत लिहून घेतलं. मी एसटीतून येताना खूश होते. मला वाटलं, मी न्याय केला.

भामाबाईला सांगितलं तर ती म्हणाली, "मला न्हाय येत." दादासो म्हणाला, "आये, जा की. कंपनीत नाव हुईल." तो मनापासून म्हणाला. ती आली. रोजचंच पातळ, पायात दादासोची चप्पल. त्या दिवशी पाहुणे नव्हते, नुसती तालीम होती. आमच्याच जोत्यावर तिला बसवलं, कारण दिवे तिथं लावलेत. आई बाजूला प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसली होती. तिला कुणी बोलावलं नव्हतं. ती रोजच्या वेळेला रोजच्यासारखी आली होती.

राजेश्वरी म्हणाली, "आजी, सांगा. जसं आठवेल तसं."

भामाबाईनं गुडघ्यावर हात ठेवला. गुडघा चोळत म्हणाली, "मी कामाला गेलती. पोरगी पाण्यात गेली. नकोशी म्हनायचे तिला."

आणि थांबली.

राजेश्वरीनं वाट बघितली. मग म्हणाली, "मग, आजी? तुम्हाला काय वाटलं तेव्हा?"

"काय वाटायचं?"

"म्हणजे, तुम्ही पळत आलात का? हाका मारल्या का?"

भामाबाईनं माझ्याकडे बघितलं. मी मान खाली घातली. ती म्हणाली, "झालं का? म्हशीची धार काढायचीय."

राजेश्वरीनं मला बाजूला घेतलं. "मॅडम, आजी ग्रेट आहेत. पण पाऊण तासाचा कार्यक्रम आहे. हे फार कोरडं होतंय." ती वाईट मुलगी नाही. तिचे डोळे भरून आले होते, पण तिनं ते काम म्हणून बाजूला ठेवलं.

भामाबाईला दिलेला चहा तिनं पूर्ण प्यायला. कप स्वतः विसळून ठेवला. बोटीत बसताना दादासो तिला म्हणत होता, "जरा दोन वाक्यं जास्त बोलली असतीस तर काय झालं असतं?"

मी तिच्याकडून ते बोलून घेतलं. जे तिनं आयुष्यभर कुणाला सांगितलं नव्हतं, ते मी पाच माणसांसमोर काढायला लावलं आणि नापास करून घरी पाठवलं. तू निदान तिला विचारलं तरी नव्हतंस.

घरी येताना आई बोटीत माझ्याकडे पाठ करून बसली. रात्री जेवली मात्र नीट. तरी मला वाटलं तिला लाज वाटली. मला तसं वाटून घ्यायचं होतं.

ताई

२ मे

सौरभ,

काल ग्रामसभा झाली. इतिवृत्त तुला कंपनीकडून मिळेल. त्यात नसेल ते लिहिते.

शाळेच्या पटांगणात मंडप होता. कंपनीनं दिला. नेहमी पंधरा-वीस माणसं येतात, काल गाव आलं होतं. विषय मी वाचला, आणि नंतर सरपंच म्हणून नाही, गावची लेक म्हणून बोलते असं सांगून बोलले. तीन वर्षांचा ठराव देऊ नये म्हणाले. रस्ता सरकारचा आहे, तो कुणी उचलून नेणार नाही. गोष्ट मात्र आपली आहे आणि ती चुकीची सांगितली जातेय. मी बरं बोलले. बायकांमध्ये कुजबुज झाली, जोत्याच्या जेवणाच्या बायका मान हलवत होत्या. मला वाटलं, जिंकलो.

दादासो उठला. तो म्हणाला, "सरपंच, तुमी शिकल्याल्या. पर माजी बोट बंद झाली तर मी भिगवणला हॉटेलात पानी द्यायला जाऊ का? आमची नकोशी परत येनार हाय का त्यानं?" पहिल्यांदा ते नाव गावात मोठ्यानं घेतलं गेलं, आणि तेही ठरावाच्या बाजूनं. भामाबाई बायकांत मागं बसली होती. तिनं मुलाकडे बघितलं नाही, माझ्याकडेही नाही.

तरीही पारडं माझ्या बाजूला होतं. मी हात वर करायला सांगणार तेवढ्यात आई उठली.

नऊवारीत नव्हती. घरचं पातळ. मला वाटलं, ती माझ्या बाजूनं बोलेल.

ती म्हणाली, "मला बोलायचंय."

कुणीतरी मागून ओरडलं, "काकू, रडवू नका हां!" सगळे हसले. हसणं संपेपर्यंत आई थांबली. तिला आता थांबायचं कळतं.

"मी हितं सून म्हणून आले तवापासनं," ती म्हणाली, "मला कुणी काय इचारलं न्हाय. गाव उठलं, कुणी इचारलं न्हाय. सासरे म्हनले गाडीत बस, बसले. मालक हितं प्लॉट मिळालाय म्हनले, हितं आले. मालक ग्येले, तवा बी पोरं म्हनली आई तू गप बस, आमी बघतो." मग ती माझ्याकडे वळली. "ही माजी लेक. मास्तरीण. गावाचं वीस पानांचं पुस्तक लिवलं हिनं सरकारसाठी. मला कवा इचारलं का, आई, जुन्या घरात तुजी चूल कुठल्या कोपऱ्यात हुती?"

मी विचारलं नव्हतं. ती पुस्तिका मी कार्यालयातल्या कागदांवरून लिहिली होती.

"तितं लोकं येत्यात, समोर बसत्यात, गप ऱ्हात्यात. मी बोलते आन् ती ऐकत्यात. ठराव द्या."

ती बसली. भामाबाईचं नाव तिनं घेतलं नाही, पोरीचंही नाही. काही चुकलं असं ती म्हणाली नाही.

मी हात वर करायला सांगितले. ठराव पास झाला. मान हलवणाऱ्या बायकांपैकी अर्ध्या जणींनी हात वर केला. भामाबाईनं केला का ते मी बघितलं नाही. बघायचं टाळलं असं लिहायला हवं.

आता फक्त माझी सही राहिली आहे. सही करायची की आजारी पडायचं, हे अजून ठरलेलं नाही. जुना ठराव या महिन्यात संपतो, सरपंच पंधरा दिवस आजारी पडला की पुढचा हंगाम जातो, हे मला माहीत आहे, आणि तुलाही. राजेश्वरी दोनदा येऊन गेली. दोन्ही वेळा पेढे.

आईशी बोलणं बंद नाही. ती विचारते, भाजी काय करू. मी सांगते.

ताई

१७ मे

सौरभ,

काल मी आईची गोष्ट ऐकायला गेले.

सही करायच्या आधी एकदा स्वतः ऐकावं असं ठरवलं. म्हणजे सही न करायला मला कारण हवं होतं. तिनं रडून, ओरडून, छकुली छकुली करत पाहुण्यांना लुबाडावं, आणि मी उठून यावं, घरी येऊन अंथरूण धरावं. असा बेत होता.

दादासोनं बोटीत मला पुढं बसवलं. आई मागं बसली. नऊवारी आता ती स्वतः नेसते, नीट नेसते. पाहुणे वीसेक असतील. एक जोडपं, एक कॉलेजचा ग्रुप, एक म्हातारे गृहस्थ दुर्बीण घेऊन पक्षी बघायला आलेले. मी सगळ्यांच्या मागं गादीवर बसले. आईनं मला बघितलं आणि काही दाखवलं नाही.

आधी चुलीचं सांगितलं. चूल उगवतीच्या कोपऱ्यात होती. मग जात्याचं, मग सासऱ्यांचं, मग गाडीत सामान भरलं त्याचं. कॉलेजच्या पोरांपैकी दोघं मोबाईल बघत होती. तिनं त्यांच्याकडे बघितलं नाही. मला वाटलं आता तुझी छकुली येणार. राजेश्वरीनं दिवा थोडा मंद केला, म्हणजे तिलाही तेच वाटलं.

आईनं गुडघ्यावर हात ठेवला. गुडघा चोळला. आणि म्हणाली, "मी कामाला गेलती. पोरगी पाण्यात गेली. नकोशी म्हनायचे तिला."

आणि थांबली.

ती किती वेळ थांबली ते मला सांगता येणार नाही. पाण्याचा आवाज येत होता. पोरांनी मोबाईल खाली ठेवले. दुर्बीणवाल्या गृहस्थांना राहवलं नाही, ते म्हणाले, "मग, आजी?"

आई म्हणाली, "काय मग?"

एवढंच. हाका नाहीत, पळणं नाही, तू बसवलेलं एक वाक्य नाही. त्या दिवशी भामाबाईला आम्ही बसवलं तेव्हा ती खुर्चीत बसून हे शिकत होती. शब्द तेच, गुडघा तोच, थांबणंही तिचंच. फक्त भामाबाईला ते पाहुण्यांसमोर नको होतं, आणि आईला कुठं थांबायचं ते माहीत होतं.

सगळे रडले. राजेश्वरी रडली. ती याला कोरडं म्हणाली होती.

मीही रडले, सौरभ. नकोशीसाठी नाही. ती मला माहीतच नाही. कशासाठी ते मला लिहिता येत नाही, आणि मी मराठी शिकवत होते.

परत येताना अंधारून आलं होतं. दादासो वल्हं थांबवून आईला म्हणाला, "काकू, आज अगदी आमच्या म्हातारीसारखं बोलला की!" त्याला कौतुक वाटत होतं. घरी जाऊन त्यानं भामाबाईला सांगितलं असेल, कौतुकानंच.

धक्क्यावर उतरताना आईनं माझा हात धरला. चिखल आहे म्हणून धरला असेल. मग तिनं मला विचारलं, "कसं झालं?"

आयुष्यात तिनं मला असं काही विचारलं नव्हतं. स्वयंपाक करून कधी विचारलं नाही कसा झाला. ती तशीच हात धरून उभी राहिली, पोरगी परीक्षेचा निकाल विचारते तशी. मला खोटं बोलता आलं असतं. वाईट झालं, असं म्हणता आलं असतं, आणि कदाचित तिनं थांबवलं असतं. एका माझ्या शब्दावर ते थांबलं असतं, असं मला त्या क्षणी वाटलं आणि अजून वाटतं.

मी म्हणाले, "चांगलं झालं."

ते खरं होतं.

आज सकाळी सही केली. शिक्का मारला. तीन वर्षं. ग्रामसेवक भाऊसाहेब नक्कल घेऊन इंदापूरला गेले, साहेबांना आणि तुमच्या कंपनीला एकेक. भामाबाईच्या ओट्यावरून जावं लागू नये म्हणून मी कार्यालयातून टाकीच्या मागच्या वाटेनं आले. ती वाट लांब पडते. आता तीन वर्षं तीच.

पोरीचं नाव छकुली ठेवू नका, नकोशीच असू दे, असा निरोप आईनं तुला द्यायला सांगितला आहे. तिचं म्हणणं, त्यानं जास्त लागतं.

हंगाम संपायच्या आत तू कार्यक्रम बघायला येणार आहेस असं राजेश्वरी म्हणाली. येऊ नकोस. तुलाही आवडेल.

ताई